पोर आपल्याच घरी वाढावे

भाईंदर स्टेशनावरून उत्तनकडे निघालो की मुर्धा, राई, मोर्वा ही गावे लागतात. आसपास खाडी आहे, मिठागरे आहेत. ही गावे आज मिरा-भाईंदर महानगरपालिकेत मोडतात. पण जुनी माणसे अजून एकमेकांना घरावरून आणि आळीवरून ओळखतात.

मुर्धा गावातल्या एका बाईची ही हकिकत आहे. तिचे नाव आम्ही सांगत नाही. गाव लहान आहे.

बाईचा नवरा कोरड्या दिवसांत मिठागरावर राबायचा. पावसाळ्यात मिळेल ते काम करायचा. काविळीने तो गेला. मागे राहिली म्हातारी सासू, सहावीतला मुलगा आणि अंगावर पिणारी मुलगी. त्यात वाण्याची उधारी. दुष्काळात तेरावा महिना म्हणतात, तो हाच.

तेरावा झाला आणि जो तो सल्ला देऊ लागला. दीर म्हणाला, "पोराची शाळा पुरे. कामाला लावू." भाऊ म्हणाला, "त्याला आश्रमात टाकू. दोन वेळा जेवेल तरी." एका शेजारणीने निरोप आणला, "शहरात एक जोडपं आहे. मूलबाळ नाही. धाकटीला नेतील. वर पैसेही देतील."

बाई आमच्या साक्षरतेच्या वर्गाला येत असे. त्या दिवशी तिने पाटी काढलीच नाही. सगळे गेल्यावर जवळ आली आणि म्हणाली, "गुरुजी, कोणतं पोर देऊ?"

असा प्रश्न कोणत्याही आईवर येऊ नये. आलाच तर काय करावे, ते आपण या पाठात पाहू.

आमचीही एक चूक

आधी आमचे सांगतो. आम्ही शाळेत होतो तेव्हा अशाच एका विधवा बाईने आम्हांला विचारले होते. आम्ही बेधडक सांगितले, "मुलाला दूरच्या वसतिगृहात पाठवा." पोट भरेल, शाळाही होईल, एवढाच आम्ही विचार केला. वर्षाने मुलगा सुटीत घरी आला. धाकटी बहीण त्याला ओळखेना. तो दारातच उभा राहिला आणि आईला म्हणाला, "आत येऊ का?" ते शब्द आम्ही विसरलो नाही. पोट भरले होते, पण पोर घराला परके झाले होते.

शोध काय सांगतो?

मुलाला अन्न लागते, कपडा लागतो, औषध लागते. पण तेवढ्याने मूल वाढते का? शास्त्रज्ञांनी हे तपासून पाहिले आहे.

युरोपात रुमानिया नावाचा देश आहे. तेथे हजारो मुले सरकारी बालगृहांत वाढत होती. बुखारेस्ट ही तिथली राजधानी. २००० सालाच्या सुमारास तेथे १३६ लहान मुलांचा अभ्यास सुरू झाला. चिठ्ठ्या टाकाव्यात तसे मुलांचे दोन गट केले. एक गट बालगृहातच राहिला. दुसऱ्या गटातली मुले सांभाळ करणाऱ्या कुटुंबांत ठेवली. मग पुढे अनेक वर्षे दोन्ही गटांवर लक्ष ठेवले.

काय दिसले? कुटुंबात गेलेल्या मुलांची बुद्धी अधिक वाढली. त्यांची भाषा सुधारली. माणसांवर जीव लावणे त्यांना जमू लागले. जी मुले दोन वर्षांची होण्याआधी कुटुंबात गेली, त्यांना सर्वांत जास्त फायदा झाला.

याचे कारण सोपे आहे. बालगृहात एका बाईला पुष्कळ मुले सांभाळावी लागतात. पाळी बदलली की बाई बदलते. तान्हे मूल रडते तेव्हा नेहमीचे तेच माणूस धावून यावे लागते. त्याच्याशी बोलावे लागते, हसावे लागते. त्यानेच मुलाचा मेंदू वाढतो. आपल्या घरी आजी नातवाला मांडीवर घेऊन बडबडते ना, ते वाया जात नाही.

कायदा काय सांगतो?

आपल्या देशात मुलांच्या काळजीचा आणि संरक्षणाचा कायदा २०१५ साली नव्याने झाला. त्यात म्हटले आहे की मुलाला संस्थेत ठेवणे हा शेवटचा उपाय. आधी त्याचे स्वतःचे कुटुंब सावरून पाहावे.

याच कायद्याने बाल कल्याण समिती नेमली जाते. तिच्यात एक अध्यक्ष आणि चार सभासद असतात. निराधार मुलाविषयी निर्णय घेण्याचा अधिकार या समितीला आहे.

आणखी एक गोष्ट नीट लक्षात ठेवा. पैसे घेऊन मूल देणे म्हणजे मूल विकणे. हा मोठा गुन्हा आहे. देणारा आणि घेणारा दोघेही तुरुंगात जाऊ शकतात. दत्तक देण्याघेण्याची रीत कायद्याने ठरलेली आहे. ती सोडून मधल्या माणसाच्या हाती मूल देऊ नये. ते पुढे कोठे जाईल, कोणाला ठाऊक!

मदत कोणती मिळते?

महाराष्ट्र सरकारची बालसंगोपन योजना आहे. आता तिला क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले यांचे नाव दिले आहे. नाव योग्यच आहे. जोतीराव आणि सावित्रीबाई यांनी १८६३ साली पुण्यात आपल्या घरी अडलेल्या विधवांसाठी आसरा उघडला. तिथे जन्मलेले एक मूल त्यांनी दत्तक घेतले. त्याचे नाव यशवंत. तो पुढे डॉक्टर झाला.

ही योजना अठरा वर्षांखालील मुलांसाठी आहे. आईबाप दोघेही नाहीत, किंवा दोघांपैकी एक वारला आहे, किंवा ते वेगळे झाले आहेत, किंवा दुर्धर आजाराने अंथरुणाला खिळले आहेत, किंवा तुरुंगात आहेत, अशा मुलांना ती मिळू शकते. मूल घरीच राहते. आई सांभाळते, नाहीतर आजी, मामा, काका सांभाळतात. पैसे बँकेच्या खात्यात जमा होतात. आधी महिन्याला ४२५ रुपये होते, मग १,१०० झाले. २०२३ साली ही रक्कम २,२५० रुपये ठरली.

अर्ज जिल्ह्याच्या महिला व बाल विकास कार्यालयाकडे करायचा. आपला जिल्हा ठाणे. बाल कल्याण समिती चौकशी करून हुकूम देते.

साधारणपणे हे कागद लागतात:
१. मुलाचे आणि पालकाचे आधार कार्ड
२. आई किंवा बाप वारल्याचा दाखला
३. रेशन कार्ड
४. तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला
५. शाळेचा दाखला
६. बँकेचे पासबुक
७. फोटो

पुढे काय झाले?

आम्ही बाईला म्हटले, "कोणतंच पोर देऊ नका. आधी अर्ज करा." दिराला आणि भावालाही बसवून समजावले. ते वाईट नव्हते. त्यांना दुसरी वाट ठाऊक नव्हती.

पैसे काही लगेच आले नाहीत. एकदा अर्ज परत आला. मुलाचे नाव आधार कार्डावर एक आणि शाळेत दुसरे लागले होते. ते दुरुस्त करण्यात महिना गेला. बाई रडकुंडीला आली. तोवर दिराने तांदूळ पुरवला. सासू धाकटीला सांभाळू लागली आणि बाई कामाला जाऊ लागली. पुढे हुकूम आला. खात्यात पैसे पडू लागले. त्यांत घर चालत नाही, हे खरे. पण शाळेचा खर्च आणि दूध निघते. मोडते घर उभे राहण्याला तेवढा टेकू पुरला. मुलगा शाळेत आहे. धाकटी आता दादाच्या मागे मागे धावते.

एक सावधगिरी

घर म्हणजे नेहमीच आसरा असतो असे नाही. कोठे पोराला बेदम मारतात, उपाशी ठेवतात, कोठे त्याहून वाईट घडते. तिथे "आपल्याला काय करायचे?" म्हणून गप्प बसू नये. १०९८ या नंबरावर फोन करावा. ही सेवा १९९६ साली मुंबईत सुरू झाली. फोनला पैसे पडत नाहीत. दिवसा-रात्री केव्हाही फोन लागतो. मूलसुद्धा स्वतः फोन करू शकते. अशा मुलांसाठी, आणि ज्यांना कोणीच नाही त्यांच्यासाठी, बालगृहे हवीतच.

कठीण शब्द
संगोपन – सांभाळून वाढवणे
दुर्धर – बरा होण्यास फार कठीण
टेकू – आधाराचे लाकूड
हुकूम – लेखी आज्ञा

प्रश्न
१. बाईला कोणी कोणी काय सल्ला दिला? ते तसे का म्हणाले असतील?
२. कुटुंबात गेलेल्या मुलांत कोणता फरक दिसला?
३. अर्ज परत का आला? तुमच्या घरच्या कागदांवर सर्वांची नावे सारखी आहेत का? आज घरी जाऊन वाचून पाहा.
४. तुमच्या आळीत बाप किंवा आई नसलेले मूल आहे का? त्याच्या घरी हा पाठ वाचून दाखवा.