रेशमी जाळीवरील चित्रकला

कॉरिटा केंट (1918–1986) ह्या अमेरिकेतील लॉस एंजेलिस येथे एका महाविद्यालयात चित्रकला शिकवीत. 1968 पर्यंत त्या ख्रिस्ती धर्मभगिनी होत्या. चौकटीवर ताणलेल्या जाळीचा नको तो भाग बुजवावयाचा व उरलेल्या छिद्रांतून रबरी पट्टीने शाई कागदावर उतरवावयाची, हे तंत्र मुख्यत्वे जाहिरातफलकांचे. त्यांनी तेच आपले माध्यम केले. एका चित्राच्या अनेक प्रती निघत व सामान्यांसही त्या परवडत. 1965 च्या एका चित्रात तर पावाच्या वेष्टनावरील शब्दच घेतले आहेत.

विद्यार्थ्यांस त्या पुठ्ठ्याला चौकोनी भोक पाडून त्यातून रस्ता, दुकाने न्याहाळावयास लावीत. रंगांअभावी जेथे चित्रकलेचा तास बुडतो (आणि तो पुष्कळ ठिकाणी बुडतो), तेथे शिक्षकांनी हा पुठ्ठा मुलांच्या हाती देऊन शाळेची भिंत तरी पाहावयास सांगावे.