‘पाडस’च्या पलीकडच्या मार्जरी रॉलिंग्ज

वाचनालयात देवघेवीच्या टेबलावर बसून मी ‘पाडस’ इतक्या वाचकांच्या हाती दिलं, की ते मुळात लिहिणाऱ्या बाईंबद्दल मिळेल ते वाचायचा मला नादच लागला. राम पटवर्धनांच्या अनुवादामुळे ज्योडी आणि त्याचं हरणाचं पिल्लू मराठी घराघरांत पोचलं. लेखिकेचं नाव विचारलं तर मात्र चांगले मुरलेले वाचकही घुटमळतात. मार्जरी किनन रॉलिंग्ज. त्यांची पुस्तकं, पत्रं आणि चरित्रं वाचताना जे हाती लागलं, ते इथे मांडते.

१. कपाट बघून पुस्तकाची पारख करू नये

वाचनालयात ‘पाडस’ पहिल्यापासून बालविभागात होतं. मुखपृष्ठावर हरीण, नायक बारा वर्षांचा, म्हणजे पुस्तक मुलांचं, असा सरळ हिशेब. मी ते कादंबऱ्यांच्या कपाटात आणलं आणि त्याला कारण वाचकच होते. पाचवी-सहावीतली मुलं अर्धं वाचून परत आणायची. तेच पुस्तक चाळिशीतला माणूस रात्रीत संपवायचा आणि दुसऱ्या दिवशी परत करताना धड बोलूही शकायचा नाही.

गोष्टीचा गाभाच तसा आहे. ज्योडीच्या बापाला, पेनीला, विषारी साप चावतो. समोर दिसलेली हरिणी तो गोळी घालून पाडतो आणि तिचं काळीज जखमेवर लावून विष ओढून घेतो. पोरकं पिल्लू घरी येतं ते या हत्येमुळे. पुढे ते वाढतं आणि मक्याचे कोवळे कोंब खाऊ लागतं. मका गेला तर वर्षभर घरात खायला काय? अंथरुणाला खिळलेला पेनी पोराला सांगतो, याला रानात ने आणि गोळी घाल. पोराच्याने ते होत नाही. आई बंदूक उचलते, पण तिचा नेम चुकतो, पिल्लू नुसतं जखमी होतं, आणि शेवटची गोळी ज्योडीलाच घालावी लागते. तो घर सोडून पळतो. उपाशीपोटी भटकताना त्याला पहिल्यांदा उमगतं, की आपले आईबाप आयुष्यभर ज्या गोष्टीला भ्यायले ती भूक ही अशी असते. एवढं सोसून लिहिलेल्या पुस्तकाला ‘प्राण्यांची गोड गोष्ट’ म्हणणं मला आजही सहन होत नाही.

अमेरिकेत मूळ कादंबरी १९३८ साली आली तेव्हा ती प्रौढांनीच डोक्यावर घेतली. त्या वर्षी तिथे सर्वाधिक खपलेली कादंबरी ती हीच, आणि १९३९ साली तिला पुलित्झर मिळालं. पुढे ती शाळांत लागली, १९४६ साली ग्रेगरी पेकला घेऊन तिच्यावर चित्रपट निघाला, आणि हळूहळू ती मुलांच्या यादीत सरकली. समीक्षकांनी मग त्या यादीकडे फारसं वळून पाहिलं नाही.

२. आपला मुलूख सापडेपर्यंत केलेलं लिखाणही वाया जात नाही

रॉलिंग्ज यांचा जन्म १८९६ सालचा, वॉशिंग्टन शहरातला. वडील पेटंट कार्यालयात नोकरीला. बाईंनी विस्कॉन्सिन विद्यापीठातून पदवी घेतली, वर्तमानपत्रांत काम केलं, आणि रॉचेस्टरच्या एका दैनिकात गृहिणींच्या रोजच्या जगण्यावर पद्यं लिहिली. स्वयंपाक, धुणं, पाहुणे. ती कोणी आज आवर्जून वाचत नाही. पण चुलीपाशी काय शिजतंय याकडे बघायची सवय त्यांना तिथे लागली असावी, असं मला वाटतं. ‘पाडस’मधली जेवणाची वर्णनं वाचताना ती सवय पानोपानी जाणवते.

१९२८ साली त्यांनी फ्लोरिडातल्या क्रॉस क्रीक या वस्तीत संत्र्याची बाग विकत घेतली. दोन तळ्यांच्या मधली बहात्तर एकर जमीन, जुनं लाकडी घर आणि थंडीत पडणाऱ्या हिमाची कायमची धास्ती. जवळच्या झुडपी रानातल्या गरीब गोऱ्या कुटुंबांकडे त्या राहायला गेल्या. त्यांच्यासोबत शिकार केली, चोरून दारू गाळणाऱ्यांचं जिणं जवळून पाहिलं, बोलण्याच्या लकबी, झाडं, साप, पदार्थ, सगळं टिपून ठेवलं. १९३३ची पहिली कादंबरी ‘साउथ मून अंडर’ त्यातूनच आली. नवऱ्याचं मन तिथे रमलं नाही. त्याच वर्षी घटस्फोट झाला आणि बागेचा सगळा भार बाईंनी एकटीने उचलला.

३. संपादकाचं नाव लक्षात ठेवावं

रॉलिंग्ज यांचे संपादक मॅक्सवेल पर्किन्स. हेमिंग्वे, फिट्झजेराल्ड आणि थॉमस वुल्फ यांच्यामागे उभा राहिलेला हा माणूस. त्या रानातल्या एका मुलावर पुस्तक लिहा, हे पर्किन्सनीच सुचवलं. बाईंनी लगेच मनावर घेतलं नाही. मधे दुसरी कादंबरी लिहून झाली, ती मनासारखी उतरली नाही, तरी पर्किन्स पत्रांतून धीराने त्याच मुलाकडे वळत राहिले. दोघांमधली शेकडो पत्रं आता छापून आली आहेत. नवं लिहू पाहणारं कोणी वाचनालयात आलं की मी त्यांना ती वाचायला सांगते.

आपल्याकडे हे पुस्तक मराठीत आणणारे राम पटवर्धन हेही ‘मौज’ आणि ‘सत्यकथे’चे संपादक होते, हा योगायोग मला फार मोलाचा वाटतो. लोकांच्या लिखाणावर मन लावून काम केलेल्या माणसाच्या हातून ‘पाडस’चं मराठी उतरलं, म्हणूनच त्यात कुठे खडा लागत नाही.

४. शेजाऱ्यांवर लिहिलं की शेजारी वाचतात

१९४२ साली ‘क्रॉस क्रीक’ हे आठवणींचं पुस्तक आलं आणि तेही तुफान गाजलं. त्यात झेल्मा केसन या मैत्रिणीचं वर्णन होतं, स्वभावावर आणि तोंडाळपणावर बोट ठेवणारं. झेल्मांनी १९४३ साली खासगीपणाचा भंग झाला म्हणून थेट दावा ठोकला. १९४६ साली गेन्सव्हिलला ज्यूरीने लेखिकेच्या बाजूने कौल दिला. पुढच्या वर्षी राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने तो फिरवला आणि नुकसानभरपाई ठरवली एक डॉलर.

रक्कम नाममात्र होती, पण बाईंची उमेद गेली. क्रॉस क्रीकवर त्यांनी पुन्हा पुस्तक लिहिलं नाही. आपल्याकडेही गावच्या माणसांवर लिहिणारे कमी नाहीत, म्हणून हा खटला मी पुन्हा पुन्हा वाचला. माझं मन दोन्हीकडे ओढलं जातं. एवढं जिवंत चित्र कादंबरीकारच काढू शकतो. पण परवानगी न विचारता जगासमोर मांडली गेलेली बाईही खरीच होती, आणि तिचा राग मला खोटा वाटत नाही.

५. एका लेखिकेचं मोठेपण समजायला तिच्या काळातली दुसरी लेखिका शेजारी ठेवावी

हे मला सगळ्यात उशिरा आणि सगळ्यात खोलवर कळलं. ‘पाडस’च्या एकच वर्ष आधी, १९३७ साली, फ्लोरिडाच्याच मातीतली आणखी एक कादंबरी आली होती. ‘देअर आइज वेअर वॉचिंग गॉड’. लेखिका झोरा नील हर्स्टन, काळ्यांनी वसवलेल्या ईटनव्हिल गावात वाढलेल्या. दोघींची ओळख झाली, एकीने दुसरीच्या लिखाणाचं कौतुक केलं. पण हर्स्टन क्रॉस क्रीकला मुक्कामाला आल्या तेव्हा त्यांची झोपण्याची सोय मोठ्या घरात झाली नाही. ती झाली आयडेला पार्कर या काळ्या स्वयंपाकीणबाईंच्या खोलीत. घरात खोल्या रिकाम्या होत्या. आयडेलांनी पुढे १९९२ साली स्वतःचं पुस्तक काढून हे सारं लिहिलं, मालकिणीचा चांगुलपणाही आणि तिचं दारू पिणंही.

रॉलिंग्ज यांच्या आठवणींत काळ्या माणसांबद्दल येणारी भाषा आज वाचताना बोचते, आणि ती बोचायलाच हवी. पुढे पत्रांमधून त्यांचे विचार बदलताना दिसतात, वंशभेदाविरुद्ध त्या स्पष्ट बोलू लागल्या. तरी छापलेलं पुस्तक छापलेलंच राहतं.

हर्स्टन १९६० साली फ्लोरिडातच दारिद्र्यात वारल्या. कबरीवर नावसुद्धा नव्हतं. १९७३ साली अ‍ॅलिस वॉकर ती कबर शोधत गेल्या, त्यावर लेख लिहिला, आणि हर्स्टन यांची पुस्तकं परत वाचली जाऊ लागली. आज अमेरिकन विद्यापीठांत त्यांचं स्थान रॉलिंग्ज यांच्या कितीतरी वर आहे. ते रास्तच आहे, असं माझं ठाम मत. पण हर्स्टन यांना न्याय देण्यासाठी रॉलिंग्ज यांना कपाटाबाहेर काढायची काय गरज? दोघींना लागोपाठ वाचलं की एकाच प्रांतातली भूक आणि तिथली माया दोन बाजूंनी दिसते.

६. शेवटचं पुस्तक फसलं तरी वाचावं

‘द सोजर्नर’ लिहायला रॉलिंग्ज यांना जवळजवळ दहा वर्षं लागली. मधेच, १९४७ साली, पर्किन्स गेले. त्या कादंबरीसाठी बाईंनी फ्लोरिडा सोडून उत्तरेकडची शेती निवडली, न्यूयॉर्क राज्यात जुनं घर घेऊन तिथे लिहीत बसल्या. पुस्तक १९५३च्या सुरुवातीला आलं, समीक्षकांनी बेताचंच स्वागत केलं. मलाही ते जड वाटलं. पात्रं बोलण्याऐवजी विचारच फार करतात आणि पायाखालची माती ओळखीची वाटत नाही. पण हमखास खपणारा मुलूख बाजूला ठेवून पन्नाशीत नवं काही करू बघणाऱ्या बाईंबद्दलचा माझा आदर त्याने वाढलाच. त्याच वर्षी १४ डिसेंबरला, वयाच्या ५७व्या वर्षी, मेंदूतल्या रक्तस्रावाने त्या गेल्या. क्रॉस क्रीकजवळच्या अँटिऑक दफनभूमीत त्यांना पुरलं. पुढे झेल्मा केसनही तिथेच विसावल्या.

हल्ली कोणी ‘पाडस’ परत करायला आलं आणि इंग्रजी वाचणारं असेल, तर मी आधी ‘क्रॉस क्रीक’ हातात देते. मग हर्स्टन.