भरत राजाचे पाडस आणि आमचा काळू



दत्तप्रभूंच्या तसबिरीत मागे गाय आणि पायाशी चार कुत्री असतात. गाय म्हणजे पृथ्वी, कुत्री म्हणजे चार वेद, हे आपण लहानपणापासून ऐकतो. पण तसबिरीपुढे हात जोडून बाहेर आलो की दारातल्या कुत्र्याला आपणच ‘हाड’ म्हणतो. मीही म्हणत होतो.

तीन वर्षांपूर्वी बाभुळगावच्या बसस्टँडजवळ गाडीखाली सापडून एका काळ्या पिल्लाचा मागचा पाय गेला. आमच्या सौ.ने ते पोत्यात घालून घरी आणले. जखमेत किडे पडले होते. गुरांच्या डॉक्टरांनी ते काढून दिले, पुढचे महिनाभर पट्टी घरीच. आता काळू तीन पायांवर सगळ्या आळीत हिंडतो. अडचण एवढीच, की तो हिच्याच हातचे खातो. त्यापायी हिची माहूरची वारी दोनदा चुकली.

गेल्या वर्षी सप्ताहात कीर्तनकारांनी जडभरताचे आख्यान लावले. घरी येताना ही म्हणाली, “अहो, मी भरत राजा झाली का वो?” मला लगेच उत्तर देता आले नाही. म्हणून पोथी काढून बसलो.

भागवताच्या पाचव्या स्कंधात ही कथा आहे. राज्य सोडून भरत गंडकीकाठी तप करीत होता. सिंहाच्या गर्जनेने घाबरून गाभण हरिणीने नदीत उडी घेतली. पाडस पाण्यात पडले, हरिणी मेली. भरताने पाडस उचलून आश्रमात आणले. पुढे एकेक नित्यनेम सुटत गेला, मरतानाही मन पाडसातच राहिले, आणि पुढचा जन्म हरणाचा आला. नीट वाचले तर पाडसाला वाचवले याला पोथी दोष देत नाही. दोष त्यानंतर सुरू होतो, ‘माझे’ म्हणण्यापासून. आम्ही बँकेत दिवसभर लोकांचे पैसे मोजायचो. आपले समजलो असतो तर नोकरी गेली असती!

अकराव्या स्कंधात अवधूत यदुराजाला आपले चोवीस गुरू सांगतो. त्यात कपोत आहे. पिलांमागोमाग तो स्वतःच जाळ्यात पडला. चुकलेल्या पाखरालाही अवधूताने गुरूच म्हटले, हे मला फार मोठे वाटते.

आता आपल्या विदर्भातले उदाहरण. 1973 मध्ये बाबा आमट्यांनी भामरागडच्या जंगलात हेमलकसा येथे लोकबिरादरी प्रकल्प सुरू केला. तिथे डॉ. प्रकाश आमटे यांना शिकार घेऊन चाललेले माडिया लोक दिसले. मेलेल्या माकडिणीला तिचे जिवंत पिल्लू चिकटून होते. त्यांनी ते मागून घेतले. माडिया हौसेने मारत नव्हते, पोटासाठी मारत होते. म्हणून उपदेश न करता डॉक्टरांनी मोबदल्यात धान्य दिले. पुढे लोक स्वतःच पोरकी पिल्ले आणून देऊ लागले. बिबटे, अस्वले, तरस अशांचा तिथे मोठा गोतावळा झाला. 2008 साली प्रकाश आणि मंदाकिनी आमटे यांना मॅगसेसे पुरस्कार मिळाला. इतक्या जनावरांवर जीव लावूनही रोज दवाखाना चालू होता, शाळा चालू होती. भरताचे जे सुटले, ते इथे सुटले नाही.

एक सांगून ठेवतो. तुरीत हरणाचे पाडस एकटे दिसले म्हणून उचलू नका. आई त्याला लपवून चरायला गेलेली असते, परत येते. जखमी असेल तर वनखात्याला 1926 वर कळवा. 1972 च्या कायद्याने रानचे जनावर घरी ठेवता येत नाही.

हे सगळे मी हिला सांगितले. ती म्हणाली, “मग काळूला दुसऱ्याच्या हातचं शिकवावं लागन.” दिवाळीनंतर शेजारची पोरगी त्याला भाकर टाकू लागली. दोन दिवस त्याने तोंड लावले नाही. तिसऱ्या दिवशी अर्धी खाल्ली. ही दाराआडून पाहत होती. तिला बरे वाटले की वाईट, मला कळले नाही. यंदा दत्तजयंतीला आम्ही दोघेही माहूरला जाणार आहोत.