तिसरा रकाना : मनोहारी सिंग आणि त्यांचा सॅक्सोफोन



कार्तिक पौर्णिमेची कपिलधारची यात्रा उरकली की आमच्या भागात लग्नसराई सुरू होते. यात्रेनंतरच्या आठवड्यात आम्ही सातवीच्या मुलांना कपिलधारला नेलं होतं. मन्मथ स्वामींच्या समाधीचं दर्शन झालं, धबधब्याला थोडं पाणी होतं तेही बघून झालं. येताना मांजरसुंब्याजवळ एक वरात आडवी आली आणि गाडी थांबली. पुढे बँडवाले. मुलं खिडकीला लटकली. एकीने विचारलं, "मॅडम, ती वाकडी पिपाणी कशाची हो?" मी सांगितलं, त्याला सॅक्सोफोन म्हणतात. मागून कुणीतरी म्हणालं, "ह्याचे पप्पा तेच वाजवतेत," आणि गाडीत हशा पिकला. ज्याच्याबद्दल बोलणं चाललं होतं तो मुलगा मात्र खिडकीतून मान आत घेऊन गप्प बसला.

शाळेच्या दाखल्यावर त्याच्या वडिलांचा व्यवसाय 'मजुरी' असा लिहिलेला आहे. ते मला नंतर दिसलं. ऊसतोडीला जाणाऱ्या पालकांची मुलं आपल्याकडे भरपूर, त्यामुळे त्या शब्दाकडे कुणाचं लक्ष जात नाही. पण हा माणूस हंगामभर वाद्य वाजवून घर चालवतो आणि ते लिहायची त्याच्या घरच्यांना लाज वाटते, हे मला टोचलं. म्हणून पुढच्या दोन तासिका मी ठरलेला घटक बाजूला ठेवून एक वेगळाच पाठ घेतला. तो इथे देते आहे. कुणाला वापरायचा असेल तर खुशाल वापरा.

फळ्यावर मी तीन रकाने आखले : कोण गातं, चाल कुणाची, वाजवतं कोण. मग मोबाइलला स्पीकर जोडून 'आरज़ू' चित्रपटातलं 'बेदर्दी बालमा' लावलं. पहिला रकाना लगेच भरला, कारण लता मंगेशकर हे नाव मुलांना घरातूनच माहीत असतं. दुसऱ्यात मी शंकर-जयकिशन लिहिलं. तिसऱ्यापाशी वर्ग अडला. मी गाणं पुन्हा लावलं आणि सांगितलं, लताबाईंचा आवाज नसेल तेव्हा हात वर करा. हात वर गेले, आणि तेवढा वेळ वर्गात फक्त एक रडवेला, घोगरा, लांबत जाणारा सूर ऐकू येत होता. "हे तर ह्याच्या पप्पांचंच वाद्य!" एक मुलगी ओरडली. तिने बरोबर ओळखलं होतं.

तिसऱ्या रकान्यात मी नाव लिहिलं : मनोहारी सिंग.

त्यांचा जन्म 8 मार्च 1931 चा, कलकत्त्यातला. कुटुंब मूळचं नेपाळी, आणि घरात बँडमध्ये वाजवण्याची परंपरा. म्हणजे आपल्या वर्गातल्या त्या मुलासारखंच घर. पोरसवदा वयात ते बाटानगरला बाटा बूट कंपनीच्या बँडमध्ये लागले. हो, चपला-बूट करणारी बाटाच. त्या काळी मोठ्या कारखान्यांचे स्वतःचे बँड असत. जोसेफ न्यूमन नावाचे हंगेरियन संगीतकार तो बँड चालवत. त्यांच्या हाताखाली मनोहारी पाश्चात्त्य स्वरलेखन वाचायला शिकले आणि बासरी, क्लॅरिनेट असं करत करत सॅक्सोफोनपर्यंत आले. पुढे ग्रामोफोन कंपनीच्या वाद्यवृंदात आणि कलकत्त्याच्या हॉटेलांत वाजवणं सुरू झालं. सलील चौधरींनी त्यांना मुंबईला यायला सांगितलं आणि 1958 मध्ये ते आले. त्याच वर्षीच्या 'सितारों से आगे'ला सचिनदेव बर्मन यांचं संगीत होतं, आणि मुंबईतलं त्यांचं काम तिथून सुरू झालं.

मुंबईत ध्वनिमुद्रण कसं चालायचं, हे मुलांना समजावून सांगावं लागतं. आज एकेक वाद्य वेगवेगळं मुद्रित करून संगणकावर जोडता येतं. त्या काळात मेहबूब, ताडदेवचं फिल्म सेंटर किंवा परळचं राजकमल अशा स्टुडिओत पन्नास-साठ वादक आणि गायक एकाच वेळी उभे राहून एकदम वाजवायचे. कुणा एकाचा सूर चुकला की सगळ्यांनी पुन्हा पहिल्यापासून. तिथे समोर ठेवलेला कागद बघून लगेच बिनचूक वाजवणारा माणूस लागायचा. गोव्याच्या चर्चच्या शाळांमधून स्वरलेखन शिकून आलेल्या वादकांना मुंबईत मागणी होती ती ह्याच कारणाने. सबॅस्टियन डिसूझा, अँथनी गोन्साल्विस हे त्यांच्यातले मोठे. संगीतकार चाल द्यायचा, आणि कुठे व्हायोलिन, कुठे सॅक्सोफोन, किती मात्रा, हे सगळं कागदावर बसवायचा तो अरेंजर. वादकाला पैसे शिफ्टवर मिळायचे. शिफ्ट संपली, पैसे घेतले, विषय संपला. गाणं पुढे साठ वर्षं वाजलं तरी त्याचा वादकाशी संबंध नसे.

(कंसात एक गंमत. अँथनी गोन्साल्विस हे प्यारेलाल यांचे व्हायोलिनचे गुरू. 1977 च्या 'अमर अकबर अँथनी'त लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांनी अमिताभच्या पात्राला गुरूंचंच नाव दिलं. ते गाणं पोरंसोरं नाचून म्हणतात, पण ते एका खऱ्या वादकाचं नाव आहे हे किती जणांना माहीत असतं? मलाही पस्तिशीपर्यंत ठाऊक नव्हतं.)

मनोहारी सिंग यांची कामं सांगायला बसलं तर तासिका पुरत नाही. 'काश्मीर की कली'मधलं 'है दुनिया उसी की' हे ओ. पी. नय्यर यांचं गाणं. रफीसाहेबांचा आवाज जिथे थांबतो, तिथून सॅक्सोफोन ते दुःख पुढे नेतो. 'गाइड'मधल्या 'तेरे मेरे सपने'त मात्र तोच सॅक्सोफोन समजूत घालतो. मुलांना ही दोन गाणी पाठोपाठ ऐकवा आणि एकच प्रश्न विचारा, दोन्हीकडे वाद्य एकच आहे, मग वेगळं काय वाटलं? माझ्या वर्गातलं एक उत्तर मी वहीत लिहून ठेवलंय : "पहिल्यात तो एकटा हाय, दुसऱ्यात कुणाच्या तरी शेजारी बसलाय." भाषेच्या तासाला इतकं नेमकं वाक्य मला क्वचित मिळतं.

'कटी पतंग'मधल्या 'ये शाम मस्तानी'तली शीळ आठवते? सगळ्यांना ती आठवते. ती शीळही मनोहारी सिंग यांचीच. हे सांगितल्यावर वर्गातली अर्धी पोरं शिट्ट्या मारायला लागली, आणि शेजारच्या वर्गावरचे सर दारात येऊन उभे राहिले. ही जोखीम ध्यानात ठेवूनच पाठ घ्या.

राहुलदेव बर्मन यांच्याकडे ते नुसते वादक नव्हते. बासू चक्रवर्ती, मनोहारी सिंग आणि आपले मारुतीराव कीर ही पंचमदांच्या चमूतली खांबासारखी माणसं. मारुतीराव ताल सांभाळायचे, बासू आणि मनोहारी वाद्यमेळ. ह्याच दोघांनी 'बासू-मनोहारी' नावाने स्वतंत्र संगीतही दिलं. 1976 चा 'सबसे बड़ा रुपैया' त्यांचा. पण माझ्या मते त्यांचं खरं काम दुसऱ्यांच्या गाण्यांतच आहे. 13 जुलै 2010 ला मुंबईत त्यांचं निधन झालं, तेव्हा ते 79 वर्षांचे होते.

आता वाद्याबद्दल थोडं, कारण इथे विज्ञानाच्या शिक्षकांनाही वाव आहे. बेल्जियमच्या अडॉल्फ सॅक्सने हे वाद्य तयार केलं आणि 1846 मध्ये पॅरिसला त्याचं पेटंट घेतलं. सॅक्सचं वाद्य म्हणून सॅक्सोफोन. त्याचं अंग पितळेचं, तरी त्याची गणना लाकडी सुषिर वाद्यांत होते. मुलांना हे पटत नाही, आणि न पटणंच बरोबर आहे. त्याचं कारण तोंडाशी आहे. तिथे बोरूसारख्या उंच गवताच्या दांड्यापासून केलेली एक पातळ पट्टी असते, तिला रीड म्हणतात. फुंकर मारली की ती थरथरते आणि नळीतली हवा कंप पावते. आपल्या सनईला अशा पट्ट्यांची जोडी असते, सॅक्सोफोनला एकच. खालच्या ओठाचा दाब कमी-जास्त केला की सूर वाकतो, आणि म्हणूनच तो गळ्यासारखा वाटतो. मंगळूरकडच्या कद्री गोपालनाथ यांनी तर ह्याच वाद्यावर अख्खं कर्नाटक संगीत वाजवलं. त्यांचे वडील नागस्वरम वाजवायचे आणि ह्यांनी पितळेचं वाद्य हातात घेतलं. 2004 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. सॅक्स स्वतः मात्र कोर्टकज्जांत आणि कर्जात बुडून, अनेकदा दिवाळं निघून 1894 मध्ये गेला.

नावाचा प्रश्न फक्त आपल्याकडचा आहे असंही नाही. 1978 मध्ये इंग्लंडात जेरी रॅफर्टीचं 'बेकर स्ट्रीट' गाजलं ते त्यातल्या सॅक्सोफोनच्या तुकड्यामुळे. तो वाजवला राफाएल रेव्हन्सक्रॉफ्टने. त्याला त्याचे 27 पौंड मिळाल्याचं सांगतात. आपल्याकडे 2012 मध्ये प्रताधिकार कायद्यात सुधारणा झाली आणि कलाकाराला मानधनापलीकडे वाटा मिळण्याची तरतूद आली. कायद्याच्या व्याख्येत वादकही येतो. पण 'काश्मीर की कली' 1964 ची. तोवर त्या पिढीचं वाजवून झालेलं होतं.

मराठीतही हा रकाना भरून घ्या. गीतरामायणात व्हायोलिन कुणाचं, असं विचारलं की मोठी माणसंही अडतात. ते प्रभाकर जोग. आजी-आजोबांना विचारून या म्हटलं की मुलांना घरी बोलायला विषय मिळतो, हा फायदा वेगळाच.

दुसऱ्या दिवशी मी त्या मुलाला निरोप दिला, वडिलांना जमलं तर वाद्य घेऊन शाळेत यायला सांग. तो म्हणाला, "ते नाही यायचे." पण आले. इस्त्रीचा शर्ट घालून, पेटी काखेत मारून, मधल्या सुट्टीच्या अर्धा तास आधीच फाटकाशी उभे होते. वर्गात आधी बराच वेळ ते उभेच राहिले, खुर्चीवर बसेनात. मग त्यांनी रीड काढून मुलांच्या हातात दिली. "ही फुटली की वाद्य मुकं. सुपारी घेतल्यावर दोन जास्तीच्या खिशात ठेवाव्या लागतेत." डीजे आल्यापासून कामं किती कमी झाली तेही सांगितलं. कुणीतरी विचारलं, तुम्हाला मनोहारी सिंग माहीत आहेत का? ते हसले. "नाव आजच ऐकतोय. पण वाजवतो त्यांचंच." आणि त्यांनी 'है दुनिया उसी की' वाजवलं. वरातीत वाजतं तसं घाईत नाही, अगदी सावकाश.

मुलगा दुसऱ्या बाकावर बसला होता. वाजवून झाल्यावर तो उठला, फळ्याशी गेला. तीन रकाने अजून पुसलेले नव्हते. तिसऱ्या रकान्यात मनोहारी सिंग यांच्या नावाखाली त्याने आपल्या वडिलांचं नाव लिहिलं, पूर्ण, आडनावासकट. आणि मग वळून मला विचारलं, "मॅडम, दाखल्यावरचं बदलता येतं का?"

त्याचा अर्ज मी मुख्याध्यापकांकडे दिला आहे.