पायाची जखम आणि कोडिंगचे काम

विक्रोळीचा मुलगा आयटीआय करून कारखान्यात फिटर म्हणून लागला की घरचे निश्चिंत होत. आज त्याच घरांतली बी.एस्सी., बी.फार्म. झालेली मुले-मुली ठाण्याहून लोकल बदलून ऐरोलीच्या कार्यालयांत जातात आणि अमेरिकेतील रुग्णांचे कागद वाचतात. या धंद्याला मेडिकल कोडिंग म्हणतात. डॉक्टरने लिहिलेले निदान ठरावीक अक्षर-आकड्यांत बसवायचे, आणि त्यावरून विमा कंपनी पैसे द्यायचे की नाही ते ठरवते. काम नेमके कसे चालते हे पाहण्यासाठी पायाच्या उघड्या जखमेचे उदाहरण घेऊ. दिसायला सोपे, पण नवशिके हमखास येथे चुकतात.

या आकड्यांचे मूळ पुस्तक जागतिक आरोग्य संघटनेचे. त्याची दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली. अमेरिकेने तिच्यात भर घालून स्वतःची आवृत्ती केली आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून ती लागू केली. अकरावी आवृत्ती २०२२ पासून अमलात आली असली, तरी अमेरिकेची बिले अजून दहावीवरच चालतात. कोडची अक्षरे मुळात रोमन असतात. येथे ती उच्चाराप्रमाणे लिहिली आहेत.

घोटा, पाऊल आणि बोटे यांच्या उघड्या जखमांचा गट एस ९१. त्यात घोट्यासाठी ०, नखाला इजा नसलेल्या बोटासाठी १, नखालाही इजा असलेल्या बोटासाठी २ आणि पावलासाठी ३. पुढचा आकडा जखमेचा प्रकार सांगतो. कापले असेल तर १, कापून आत काही राहिले असेल तर २, टोचले असेल तर ३, टोचून आत राहिले असेल तर ४, चावा असेल तर ५. त्यापुढे उजव्या पायाला १, डाव्याला २. शेवटी एक अक्षर.

समजा, वर्कशॉपमधल्या वेल्डरच्या उजव्या तळव्यात खिळा घुसला आणि तुकडा आत मोडला. कोड होईल एस ९१.३४१ ए. खिळा घुसल्याचे कारण सांगणारा वेगळा कोड, डब्ल्यू ४५.० एक्स एक्स ए, जोडायचा. यातले दोन एक्स केवळ रिकाम्या जागा भरण्यासाठी आहेत. पण डॉक्टरने घाईत नुसते 'उजव्या पावलाला जखम' एवढेच लिहिले, तर कोडरच्या हाती एस ९१.३०१ ए, म्हणजे 'प्रकार न सांगितलेली जखम', एवढेच उरते. खिळ्याची हकिगत तोंडी कळली तरी ती कोडमध्ये घालता येत नाही. डॉक्टरला लेखी विचारायचे, त्याने नोंद दुरुस्त केली की मगच कोड बदलायचा. अंदाजाने भरलेला कोड ही या धंद्यात चूक नव्हे, खोटे बिल ठरू शकते.

शेवटच्या अक्षराबाबत मोठा गैरसमज आहे. 'ए' म्हणजे पहिली भेट असे मुले पाठ करतात. ते बरोबर नाही. जखमेवर प्रत्यक्ष उपचार चालू आहेत तोवर 'ए', मग भेट तिसरी असो वा चौथी. जखम भरत असताना पट्टी बदलायला किंवा टाके काढायला आला तर 'डी'. पुढे मागे राहिलेल्या व्यंगासाठी 'एस'.

आता खरी मेख. त्याच वेल्डरला मधुमेह आहे. म्हणून त्याची जखम 'मधुमेही पाय' होते का? नाही. खिळ्याने झालेली जखम ही इजाच. मधुमेहाचा कोड वेगळा, सोबत लागतो. पण मधुमेहाच्या रुग्णाच्या पायाला चिघळलेला व्रण असेल आणि डॉक्टरने 'अल्सर' असे लिहिले असेल, तर एस ९१ कडे वळायचेच नाही. दुसऱ्या प्रकारच्या मधुमेहाला ई ११.६२१ आधी, आणि त्यानंतर व्रणाची जागा व खोली सांगणारा एल ९७ गटातला कोड. डॉक्टरने दुसरे कारण दिले नसेल, तर मधुमेह आणि पायाचा व्रण यांचा संबंध नियमानेच धरला जातो.

हा फरक केवळ अमेरिकेच्या कागदापुरता नाही. आपल्याकडेही आरोग्य विम्याच्या दाव्याच्या अर्जात इस्पितळाने भरावयाच्या भागात दहाव्या आवृत्तीच्या कोडची रकाने असतात. आपल्याकडे एस ९१.३ एवढे चार वर्णही चालतात. मात्र अपघाताची इजा पॉलिसीच्या सुरुवातीच्या ३० दिवसांच्या अटीत अडकत नाही, तर आधीपासूनच्या आजारासाठी थांबण्याची मुदत ३६ महिन्यांपर्यंत असू शकते (२०२४ पूर्वी ती ४८ महिने होती). वेल्डरच्या अर्जावर इजेऐवजी मधुमेही व्रण लिहिला गेला, तर बिल घरच्यांच्या गळ्यात पडू शकते. म्हणून डिस्चार्जच्या वेळी निदान वाचून पाहावे आणि जखम कशाने झाली ते लिहिले आहे याची खात्री करावी. उलट, व्रण असताना इजा लिहून घेण्याचा मोह नको. विमा कंपनी केसपेपर मागवते.

या कामात शिरू पाहणाऱ्यांनी नोकरीची हमी देऊन मोठी फी घेणाऱ्या क्लासपासून जपावे. अमेरिकेतील एएपीसी या १९८८ साली स्थापन झालेल्या संस्थेची सीपीसी परीक्षा प्रचलित आहे. १०० प्रश्न, ४ तास, उत्तीर्ण होण्यास ७० टक्के. कोडची पुस्तके सोबत नेता येतात, त्यामुळे पाठांतरापेक्षा पुस्तक चाळण्याचा सराव हवा. शरीररचनेचे इंग्रजी शब्द मात्र पक्के पाहिजेत.

सरावासाठी दोन उदाहरणे. पहिले : डाव्या पावलाला काच लागून कापले, आत काच राहिलेली नाही, रुग्ण टाके काढायला आला आहे. दुसरे : दुसऱ्या प्रकारचा मधुमेह, डाव्या टाचेवर व्रण, चरबीचा थर उघडा पडला आहे. उत्तरे : पहिल्याचे एस ९१.३१२ डी. दुसऱ्याचे आधी ई ११.६२१, मग एल ९७.४२२.