सावली घेणे हेही आज्ञापालनच

प्रेषित मुहम्मद (स.) एकदा प्रवचन देत असताना एक मनुष्य उभा असलेला त्यांना दिसला. चौकशी केल्यावर लोकांनी सांगितले की, हे अबू इस्राईल आहेत. उन्हात उभे राहायचे, बसायचे नाही, सावली घ्यायची नाही, बोलायचे नाही आणि रोजा ठेवायचा, असा नवस त्यांनी केला आहे. प्रेषितांनी (स.) आज्ञा दिली की, त्यांनी बोलावे, सावलीत जावे, बसावे आणि रोजा पूर्ण करावा. ह. इब्ने अब्बास (रजि.) यांनी कथन केलेली ही हदीस सहीह बुखारीत आहे.

वाचकहो, येथे रोजा कायम राहिला, कारण ती इबादत होती; ऊन सोसणे मात्र रद्द झाले. देहाला निष्कारण यातना देण्यात पुण्य नाही.

वर्धा जिल्ह्यात मे महिन्यात पारा 45 अंशांच्या आसपास पोहोचतो. तरीही भर दुपारी गिरडची टेकडी चढणारे भाविक, खरिपाच्या मशागतीत राबणारे शेतमजूर आणि मैदानात क्रिकेट खेळणारी मुले आपण पाहतो. 'अल्लाह राखणदार आहे' असे म्हणून डोक्याला रुमालही न बांधणे म्हणजे तवक्कुल नव्हे. कडक उन्हाळ्यात जुहरची नमाज ऊन उतरल्यावर अदा करण्याची शिकवण प्रेषितांनी (स.) दिली आहे. नमाजसाठी ही सवलत आहे, तर आपली कामे सकाळी किंवा सायंकाळी का होऊ नयेत?

घराबाहेर पडताना पाणी सोबत घ्यावे. एक लिटर स्वच्छ पाण्यात सहा सपाट चहाचे चमचे साखर व अर्धा चमचा मीठ विरघळवून ते घोट घोट प्यावे. चक्कर, मळमळ किंवा पायांत गोळे आल्यास तत्काळ सावली गाठावी. अंग तापून माणूस असंबद्ध बोलू लागला, तर तो उष्माघात समजावा. त्याचे कपडे सैल करावेत, अंगावर गार पाणी ओतून वारा घालावा आणि 108 क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी. बेशुद्धाच्या तोंडात पाणी घालू नये.

रोजेदाराच्या जिवावर बेतले, तर त्याने रोजा सोडावा आणि नंतर त्याची कजा करावी. सूरह अल-बकराच्या 185 व्या आयतीत रुग्ण व प्रवासी यांना सवलत देताना अल्लाहने तुमच्यासाठी सुलभताच इच्छिली आहे, असे स्पष्ट केले आहे.

शरीर ही अल्लाहची अमानत आहे. उद्या दुपारी आपला मुलगा चेंडू-फळी घेऊन निघाला, तर त्याला अबू इस्राईल यांची हकिकत सांगा आणि सावलीत बसवा.