दावा कोर्टात, संत्री झाडावर, पैसे कोणाचे?

प्रश्न : बाबांच्या माघारी काटोल तालुक्यातली आमची संत्र्याची बाग मोठे दादाच वाहतात. हिस्सा देईनात, म्हणून मी वाटपाचा दावा लावला. आता ते म्हणतात, "निकाल लागेपर्यंत पैसा माझा. मी उन्हात राबतो, तू नागपुरात पंख्याखाली बसतेस." आई आणि धाकटा भाऊ गप्प आहेत. दादांचं म्हणणं कायद्यानं बरोबर आहे का?
– एक भगिनी, नागपूर

उत्तर : नाही. बाग वाहण्याचा मान दादांचा असेल, पण उत्पन्न सगळ्या हिस्सेदारांचं. मृत्युपत्र नसेल तर आई, दोघे भाऊ आणि तुम्ही, प्रत्येकाचा हिस्सा चार आण्यांचा. लग्न झालेल्या मुलीचाही हक्क तेवढाच. हिंदू वारसा कायद्यातली 2005 ची दुरुस्ती आणि सर्वोच्च न्यायालयाचा 2020 चा विनीता शर्मा निकाल यांनंतर वडिलोपार्जित जमिनीबाबतही तो वाद उरलेला नाही.

तुमच्या दाव्याची तारीख महत्त्वाची आहे. एकत्र कुटुंबाच्या कर्त्याला मागच्या कारभाराचा पै-पैचा जाब सहसा विचारता येत नाही. अफरातफर केली असेल तर गोष्ट वेगळी. पण वाटपाचा दावा दाखल झाला की एकत्रपणा तुटला असं धरतात. तिथून पुढच्या प्रत्येक बहाराचा हिशोब दादा देणं लागतात.

हिशोब म्हणजे नुसती विक्री नव्हे. समजा आंबिया बहार 6 लाखांना गेला आणि खत, फवारणी, मजुरी, वीज यांवर 2 लाख लागले, तर वाटणी 4 लाखांची. तुमच्या वाट्याला 1 लाख. दादांच्या मेहनतीचा वेगळा मोबदला आधी ठरलेला नसेल तर कोर्टात सहजी मिळत नाही. तडजोडीत मात्र तो धरावा. दादांचा राग निम्मा तिथेच उतरेल.

अडचण पुराव्याची आहे. व्यापारी झाडावरच सौदा करतो, इसार देतो, बाकीची रक्कम तोडणीला, तीही बरेचदा रोखीनं. मग आकडा कोण सांगणार? म्हणून सौद्याची चिठ्ठी, कळमना बाजारातल्या आडत्याची हिशोबपट्टी, सातबारावरची पीकपाहणीची नोंद, झाडांचे तारखेसह फोटो, सगळं जपून ठेवा. गरज पडली तर जागेवर जाऊन पाहणी करायला कोर्ट कमिशनर नेमू शकतं.

आता उपाय. पहिला आणि स्वस्त उपाय सहमतीचा : चौघांच्या नावे बँक खातं, सौदा सर्वांना विचारून, खर्च वजा जाता बाकी खात्यात. तसं ठरलं की वकिलांमार्फत तशी पुरसिस (लेखी निवेदन) कोर्टात दाखल करावी. दुसरा उपाय अंतरिम अर्जाचा : दादांनी दर बहाराचा हिशोब द्यावा, किंवा तुमच्या हिश्श्याची रक्कम कोर्टात जमा करावी, अशी मागणी करता येते.

तिसरा उपाय रिसिव्हरचा, म्हणजे बागेचा कारभार कोर्टानं नेमलेल्या माणसाकडे देण्याचा, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 40 प्रमाणे. हा शेवटचा ठेवा. मद्रास उच्च न्यायालयाच्या कृष्णस्वामी चेट्टी निकालानं यासाठी जे पाच नियम घालून दिले, ते 'पंच सदाचार' म्हणून वकिलांच्या तोंडी असतात. थोडक्यात : रिसिव्हर मागणं हा हक्क नाही, तो कोर्टाच्या मर्जीचा भाग; मागणाऱ्याची बाजू वरकरणी भक्कम हवी; मालमत्तेला खरा धोका हवा; कसणाऱ्याचा ताबा उगाच काढू नये; आणि मागणाऱ्याचं स्वतःचं वागणं स्वच्छ हवं. शिवाय रिसिव्हरचा खर्च बागेच्याच उत्पन्नातून जातो. हमी घेऊन दादांनाच रिसिव्हर नेमण्याचाही मार्ग आहे.

वाटपाच्या दाव्यात दिवाणी न्यायालय हिस्से ठरवतं. शेतसारा आकारलेल्या जमिनीचं प्रत्यक्ष सरस-निरस वाटप जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होतं (त्याच संहितेचं कलम 54). यात वर्षं जातात. त्या काळातल्या उत्पन्नाची चौकशी कोर्ट करू शकतं, पण तशी मागणी तुमच्या दाव्यात आहे ना, हे आजच वकिलांना विचारा. नसेल तर दावा दुरुस्त करून घ्या. आंबियाचं फळ साधारण ऑक्टोबर ते डिसेंबरात उतरतं आणि सौदे त्याआधीच होतात. अंतरिम अर्ज त्यापूर्वी पडायला हवा. आणि सौद्याच्या दिवशी धाकट्या भावाला बागेत हजर राहायला सांगा. त्याचाही हिस्सा चार आण्यांचाच आहे.